रायीतला धनेश आणि देवळाचा गवंडी

(जीर्णोद्धार समारंभातील व्याख्यान)



देवालयाच्या जीर्णोद्धाराचा विषय निघाला की वर्गणी, चिरा, चुना आणि लाकूड यांचा हिशेब पुढे येतो. त्या हिशेबात देवराईतल्या एका पाखराचे नाव सहसा नसते. ते पाखरू म्हणजे मोठा धनेश. कोकणात पुष्कळ ठिकाणी त्याला गरुडच म्हणतात.

माघ-फाल्गुनाच्या सुमारास या पक्ष्याची मादी जुन्या बेहड्याच्या किंवा सातविणीच्या ढोलीत शिरते आणि ढोलीचे तोंड लिंपून घेते. विष्ठा, फळांचा चोथा, माती हाच तिचा गिलावा आणि चोच हीच थापी. चोच जाईल एवढी फट तेवढी राहते. आत तिची पंखांची पिसे झडतात. मनात आणले तरी तिला उडता यायचे नाही. अंडी उबायला 40 दिवसांच्या आसपास लागतात, आणि पिल्लू बाहेर पडेपर्यंत सुमारे 4 महिने जातात. तोवर संसाराचा सारा भार नरावर. वड, उंबर, पिंपळ यांची फळे गळ्यात साठवून तो आणतो आणि एकेक करून फटीतून भरवतो. शिकाऱ्याने तो एक नर मारला, तर आतल्या मायलेकरांवर उपासमारीची पाळी.

गिलाव्याचे काम माणसाकडूनही अशीच सबुरी मागते. जुने गवंडी चुनकळी विरवून दिवसचे दिवस पाण्याखाली ठेवीत, मग घाणीत वाळूबरोबर मळीत. कोणी गूळपाणी घाली, कोणी बेलफळाचा गर. थर पातळ, आणि पहिला घट्ट झाल्याशिवाय दुसरा नाही. घाईने वाळला की तडकलाच! नीट बसलेला चुना मात्र हवेवर वर्षानुवर्षे कठीण होत जातो. सिमेंटने काम लवकर उरकते हे खरे, पण जांभ्याच्या भिंतीतली ओल ते कोंडून धरते.

देवराईतले झाड कौल घेतल्यावाचून तोडायचे नाही, ही कोकणातली रीत. तरीही देवळांच्या जीर्णोद्धारासाठीच काही राया विरळ झाल्या, ही गोष्ट देवाच्या दारी सांगितलीच पाहिजे. तोडणाऱ्याची पहिली नजर जाते ती पोकळ झाडावर. नाहीतरी ते कुजलेलेच, असे म्हणतात. पण ढोली कोरणे धनेशाच्या चोचीला जमत नाही. जुनी ढोली टिकली, तर जोडपे पुढच्या वर्षी बहुधा तिथेच येते. आज लावलेल्या बेहड्याला तशी ढोली पडायला दोन-तीन पिढ्या तरी जाव्या लागतील. छपराच्या लाकडाचा अंदाज करताना समितीने ही झाडे त्यातून आधीच वगळावीत.