आनंद मोडक: नाटकाच्या शाळेतला संगीतकार



सिनेमाच्या संगीतकारावर व्याख्यान म्हटलं की श्रोत्यांना वाटतं, आता दोन-चार गाजलेली गाणी ऐकायला मिळणार. मी गाऊन दाखवणार नाही, त्यात तुमचंच भलं आहे. मला बोलायचं आहे ते आपल्या विदर्भातल्या, अकोल्यात 1951 साली जन्मलेल्या आनंद मोडकांबद्दल.

मोडक पुण्यात बँकेची नोकरी सांभाळून संगीत देत. त्यांची खरी तालीम झाली ती स्टुडिओत नाही, नाटकात. 1974 साली थिएटर अकॅडमीनं सतीश आळेकरांचं ‘महानिर्वाण’ केलं, त्याचं संगीत त्यांचं. भाऊराव मरतो आणि स्वतःच्याच मरणाचं कीर्तन लावतो! आता या नाटकाला चाली कशा लावायच्या? नुसत्या गोड लावल्या तर नाटक पडलंच म्हणून समजा. विडंबन करायला गेलं तर दहा मिनिटांत कंटाळा येतो. मोडकांनी कीर्तनाचा घाट खरा ठेवला. प्रेक्षक सवयीनं डोलू लागतो आणि मग त्याच्या लक्षात येतं, अरे, आपण तर प्रेतासमोर बसलोय. हसू आणि शहारा एकाच वेळी. चाल शब्दांना नव्हे, प्रसंगाला लावायची असते, हे ज्याला तेविसाव्या वर्षी कळलं, त्याला पुढे सिनेमा अवघड गेला नाही.

‘22 जून 1897’ हा चाफेकर बंधूंवरचा चित्रपट 1979 चा. मग ‘कळत नकळत’, ‘चौकट राजा’, जब्बार पटेलांचा ‘मुक्ता’. ‘चौकट राजा’त आशा भोसले गायल्या. पण मला विचाराल तर मोडकांची उंची दिसते ती सुमित्रा भावे आणि सुनील सुकथनकर यांच्या ‘दोघी’त. ना. धों. महानोरांचे शब्द, भेगाळलेल्या जमिनीचं गाणं आणि अंजली मराठे यांचा कोवळा आवाज. नावाजलेल्या गायिकेकडून ते गाणं करून घेता आलं असतं. मोडकांनी नवा गळा घेतला. त्या गाण्यासाठी अंजलीताईंना पार्श्वगायनाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. संगीतकाराची निवड म्हणतात ती ही.

परेश मोकाशींचा ‘हरिश्चंद्राची फॅक्टरी’ 2009 चा, संगीत मोडकांचंच. विषय दादासाहेब फाळक्यांचा, म्हणजे आपल्याकडच्या मूकपटाच्या जन्माचा! बोलपटात मूकपटाची गोष्ट सांगायची तर पार्श्वसंगीतावर केवढा भार पडत असेल, विचार करा. पार्श्वसंगीत ही मोठी बेभरवशाची नोकरी आहे. चांगलं जमलं तर कुणाच्या लक्षात येत नाही आणि फसलं तर सगळ्यांच्या येतं.

टीव्हीचं गणित वेगळं. तिथे मिनिटभराच्या शीर्षकगीतात घरातल्या माणसाला स्वयंपाकघरातून उठवून आणायचं असतं. ‘आभाळमाया’, ‘वादळवाट’ ही अशोक पत्कींची शीर्षकगीतं आठवा. पत्कींनी जाहिरातींच्या जिंगल्सही खूप केल्या, तो हात तिथे उपयोगी पडला. कुणी नाटकातून येतो, कुणी जिंगल्समधून. पण कुठेतरी घासून आलेला असतो.

हे चंद्रपुरात सांगण्याचं कारण उघड आहे. असं घासून घेणारी शाळा, म्हणजे झाडीपट्टीची रंगभूमी, तुमच्या दारात आहे. दिवाळी झाली की मंडई म्हणजे गावची जत्रा भरते, शंकरपट म्हणजे बैलांच्या शर्यती होतात, वडशाच्या कंपन्यांची नाटकं गावोगाव लागतात. रात्री उशिरा पडदा वर जातो, नाटक पहाटेपर्यंत चालतं. ऑर्गनवाल्याला नटाची पट्टी बघून सूर धरावा लागतो. प्रवेश लांबला तर वाजवत राहावं लागतं, वन्समोअर आला की पुन्हा पहिल्यापासून. समोर हजारो माणसं थंडीत घोंगडी पांघरून बसलेली, त्यांना रिटेक मान्य नाही! 2023 साली गडचिरोलीच्या परशुराम खुणे यांना पद्मश्री मिळाली, तेव्हा या रंगभूमीचं नाव दिल्लीपर्यंत गेलं. ते नटाचं झालं. चाली बांधणाऱ्यांची पाळी अजून यायची आहे.

मोडक 23 मे 2014 ला गेले. जब्बार पटेलांचा यशवंतराव चव्हाणांवरचा चित्रपट त्याच वर्षी पडद्यावर आला, त्यालाही त्यांचंच संगीत. त्यांचं काम ध्वनिमुद्रित आहे, ते कधीही काढून ऐकता येतं. झाडीपट्टीच्या चाली मात्र हंगामाबरोबर विरून जातात. म्हणून तरुण मंडळींना एकच विनंती: येत्या हंगामात नाटकाला गेलात की कंपनीची परवानगी घेऊन गाणी मोबाईलवर टिपा, आणि सोबत नाटकाचं, गावाचं आणि चाल बांधणाऱ्याचं नाव लिहून ठेवा.