स्वागताध्यक्षांचे भाषण : अनुमस्तिष्क-विकार परिषद, मिरज



ज्या नगरीत १८९४ साली डॉक्टर विल्यम वॉनलेस यांनी रुग्णालय उघडले, जिने २०१६च्या एप्रिलात तहानलेल्या लातुरास आगगाडीने पाणी धाडले, आणि जिथे ख्वाजा शमना मीरासाहेबांच्या दर्ग्यात अब्दुल करीम खाँसाहेब चिरविश्रांती घेत आहेत, त्या कृष्णाकाठच्या मिरजेच्या वतीने मी आपले अंतःकरणपूर्वक स्वागत करतो.

आमचे खरे वैभव मात्र सतारमेकर गल्लीत आहे. तलवारी आणि भाले घडविणारे शिकलगार, शस्त्रांची मागणी ओसरल्यावर, एकोणिसाव्या शतकात तंबोरे आणि सतारी घडवू लागले. त्यांच्यातील फरीदसाहेबांच्या हातचे ते कसब त्यांच्या वंशजांनी आजतागायत राखले आहे. पंढरपूर भागातला भोपळा निवडण्यापासून सुरू होणारे हे काम जवारीपाशी, म्हणजे तारेचा नाद खुलविण्यापाशी, येते, तेव्हा कारागीर श्वास रोखून घोडीचा माथा घासतो, तार छेडून ऐकतो, पुन्हा घासतो. तिथे केसाइतकाही अतिरेक चालत नाही. असा हात ज्याच्या बळावर आपली चूक क्षणात सावरतो, ते अनुमस्तिष्क, म्हणजे लहान मेंदू, आज आपल्या विचाराचा विषय व्हावे, हा योग मला फार मोलाचा वाटतो.

आणखी एका विस्मृत पुरुषाचे स्मरण करणे मी माझे कर्तव्य समजतो. कुरुंदवाडचा एक बालक फटाक्याने डोळ्यांस इजा होऊन उपचारासाठी मिरजेस आला. डॉक्टर भडभडे यांच्या औषधोपचाराने त्याची दृष्टी पूर्ववत् झाली नाही. परंतु त्याचा गळा त्यांच्या ध्यानी आला आणि त्यांच्याच सल्ल्याने तो बाळकृष्णबुवा इचलकरंजीकरांच्या पायाशी बसला. तो बालक म्हणजे १९०१ साली लाहोरास गांधर्व महाविद्यालय स्थापन करणारे पंडित विष्णू दिगंबर पलुसकर. त्यांचे नाव सर्वतोमुखी आहे, पण डॉक्टर भडभडे यांचे नाव आमच्याच गावात क्वचित निघते, याचे मला दुःख होते. जे गेले ते परत आणता येत नसताना जे उरले आहे ते ओळखणारा हा वैद्य होता, आणि ज्या व्याधींपैकी कित्येकींवर अद्याप रामबाण औषध नाही त्यांच्या परिषदेत त्यांचे स्मरण अस्थानी ठरू नये.

मी वैद्य नव्हे. तज्ज्ञांनी समजावून दिले तेवढेच सांगतो. मेंदूच्या आकारमानाचा जेमतेम दहावा हिस्सा असलेल्या अनुमस्तिष्कात मेंदूतील सुमारे चार पंचमांश चेतापेशी वसतात. पहिल्या महायुद्धात तिथे गोळी लागलेल्या सैनिकांना तपासून मेंदूविकारतज्ज्ञ गॉर्डन होम्स यांनी झोकांड्या जाणारी चाल, लक्ष्य चुकणारा हात आणि अडखळणारी वाणी यांचे बारकाईने वर्णन केले. पुढे १९९८ साली संशोधक श्माहमन आणि शर्मन यांनी दाखविले की, याच भागाच्या विकाराने योजना आखणे, शब्द सुचणे आणि भावना आवरणे हेही बिघडू शकते. तोल जाणाऱ्या निर्व्यसनी मनुष्यास रस्त्यात मद्यपी ठरविले जाते, आणि स्वभाव पालटला की घरची माणसे त्याला हट्टी म्हणतात; हा दुहेरी अन्याय मला असह्य वाटतो. म्हणून आप्तांसाठी दुपारची एक बैठक मराठीतून ठेवण्याची विनंती मी केली आणि ती मान्य झाली, याबद्दल आयोजकांचा मी ऋणी आहे.

मंडपास पायरी ठेवलेली नाही, कडेने कठडे बसविले आहेत, सतरंज्यांना घडी पडू नये म्हणून स्वयंसेवकांची नेमणूक आहे. तरीही उतरण्याच्या जागा विखुरलेल्या आहेत, पाहुण्यांना एकेका खोलीत दाटीने राहावे लागत आहे, आणि स्टेशनवरून येणारी वाहने पुरेशी नाहीत. या सर्व तसदीबद्दल मी हात जोडून क्षमा मागतो. ज्यांना रात्री सोबतीची गरज भासेल त्यांनी निःसंकोचपणे कचेरीत कळवावे, माणूस तत्काळ दिमतीला दिला जाईल.

देणगीदारांचे उपकार कसे फेडावेत? पेठेतील व्यापाऱ्यांनी शिधा दिला, औषधविक्रेत्यांनी रोख रकमा खजिनदारांच्या हवाली केल्या, मंगल कार्यालयांच्या चालकांनी भाडे माफ केले, आणि तंतुवाद्य-कारागिरांनी आपली कामे बाजूस ठेवून हे कठडे स्वतः तासून दिले. भगिनीमंडळाने स्वयंपाकाची जबाबदारी घेतली, तर महाविद्यालयीन विद्यार्थ्यांनी चाकांच्या खुर्च्यांची तजवीज केली. कोणाचा उल्लेख राहिला असल्यास त्यांनी रोष धरू नये.

साडेबारा वाजता पंगत बसेल. सायंकाळी सतारमेकर गल्लीत जाण्यासाठी वाहने सज्ज राहतील. ज्यांना चालणे अवघड आहे त्यांच्यासाठी कारागीर वाद्ये मंडपातच घेऊन येणार आहेत. आता अध्यक्षमहाराजांनी परिषदेची सूत्रे हाती घ्यावीत, अशी नम्र विनंती करतो.