नवऱ्याचा जुना शर्ट
(माजरी येथे महिलांच्या बैठकीत केलेल्या भाषणाचा मजकूर)



आज आपण जुन्या शर्टाबद्दल बोलणार आहोत. सुई नको, दोरा नको, मशीन तर नकोच. बाईचा विकास म्हटला की तिच्या पुढ्यात शिलाई मशीन आणून ठेवायची आपल्याकडे पद्धतच पडली आहे. दिवसभर कापूस वेचून आलेल्या बाईला रात्री शिवायला बसायची ताकद उरते का, हे कुणी विचारत नाही. म्हणून कात्री आणि गाठ, एवढ्यावरच भागवू.

आपल्या भागात साडीवर नवऱ्याचा जुना शर्ट चढवून बाई वावरात जाते. ही काही फॅशन नाही. वाळलेल्या बोंडाची टोकं हात ओरबाडतात, सोयाबीनच्या शेंगा टोचतात, ऊन भाजतं. पूर्ण बाह्यांचा शर्ट हे सगळं थोडं तरी अडवतो. शिवाय शर्टाला खिसा असतो. आपल्या साडीला नाही, पोलक्याला नाही. मजुरीचे पैसे, मोबाइल, चिठ्ठी ठेवायला स्वतःची जागा बाईला मिळते ती पुरुषाच्या उतरलेल्या कपड्यात!

आता कृती पहा. शर्ट अंगात घालण्यासारखा उरला नसेल तर बाह्या खांद्यापाशी कापा. मनगटाकडची बटणं तशीच ठेवा. वरची कड दोनदा आत दुमडा, कोपराच्या वर चढवा आणि पाठीच्या कापडातून फाडलेली पट्टी त्यावर बांधा. हातमोज्यासारखं हे आवरण तयार झालं. पट्टी काढताना कात्रीने फक्त छेद द्या आणि मग फाडा. कापड धाग्याच्या रेषेत सरळ फाटतं.

अखंड शर्टाची ओटी होते. बटणं लावा, कॉलर पोटाशी धरा, बाह्या मागे कमरेला बांधा. खालच्या घेराची दोन्ही टोकं वर उचलून कमरेच्या बाह्यांना गाठ मारा. कापूस त्यात मावतो. ओझं वाढलं की रिकामी करा, कंबर आपलीच आहे.

टीशर्टचं कापड विणीचं असतं, त्याचे धागे सुटत नाहीत. बाह्या व गळा कापून टाका. खालच्या कडेला दोन बोटं रुंद, बोटभर लांब पट्ट्या कापा. पुढची पट्टी मागच्या पट्टीला बांधत जा. बाजाराची पिशवी झाली.

पाळीसाठी जुना शर्ट वापरायचा तर तो सुती आहे का ते बघा. पाण्याचा थेंब टाका. लगेच शोषला तर ठीक. वर तरंगत राहिला तर टेरिकॉट समजा आणि बाजूला ठेवा. घडी साबणाने धुवा आणि उन्हात वाळवा. दुसऱ्या कपड्याखाली लपवून ओलसर ठेवू नका. लाज जंतू मारत नाही, ऊन मारतं.

एक मात्र निक्षून सांगते. फवारणीला वापरलेला शर्ट यातल्या कशालाच घेऊ नका. २०१७ साली शेजारच्या यवतमाळ जिल्ह्यात फवारणीच्या विषबाधेने २० हून अधिक शेतकरी-शेतमजूर दगावले, शेकडो दवाखान्यात गेले. भिजलेलं सुती कापड विष अडवत नाही, उलट अंगाला चिकटवून धरतं. तो शर्ट धुणारी कोण? आपणच. तो वेगळा धुवा, लेकरांच्या कपड्यात मिसळू नका.

आता मुद्द्याचं. माजरी कोळशाचं गाव. खाणीत जाणाऱ्या कामगाराला डोक्यावरची टोपी आणि पायातले बूट मालकाने द्यायचे असतात. ते कुणी दयेने दिलेलं नाही, कामगार लढले म्हणून ते नियमात आलं. त्याच घरातली बाई वेचणीला निघते तेव्हा तिच्या हाताचं रक्षण कोण करतं? नवऱ्याचा फाटका शर्ट. एका चुलीवर जेवणारी दोन माणसं. एकाचं अंग हे कामगाराचं अंग, दुसरीचं अंग जणू कुणाचंच नाही!

समान वेतनाचा कायदा १९७६ साली झाला. ती तरतूद आता २०१९ च्या वेतन संहितेत आली आहे. पण मजुरी ठरवताना आपण फक्त किलोचा भाव बोलतो. हातमोजे, पिण्याचं पाणी, सावली यांचं नावही काढत नाही, कारण ‘शर्ट आहे ना घरी’.

जुन्यातून नवं करणाऱ्या बाईला ‘काटकसरी’ म्हणून शाबासकी मिळते. ती शाबासकी घ्या, पण तिच्या बदल्यात हक्क सोडू नका. आपल्या हुशारीने मालकाचा खर्च वाचतो आणि आपले हात सोलतात, हा हिशेब एकदा मांडायलाच हवा.

म्हणून या वेचणीला दोन कामं करा. बाह्या कापून आवरणं तयार करा, कारण हात आज वाचवायचे आहेत. आणि भाव ठरवायला एकेकटी जाऊ नका. दहा जणी मिळून जा, किलोच्या भावाबरोबर हातमोजेही मागा. एकीला ‘नाही’ म्हणणं सोपं असतं. दहा जणी बांधावर बसल्या तर वावरातला कापूस काही आपोआप घरी जात नाही.