पिनीड म्हणजे नेमकी कोणती कोळंबी?

(आकाशवाणी परभणीसाठी लिहिलेल्या भाषणाची संहिता)



परभणी जिल्ह्याला समुद्र नाही, हे सांगायला कुणी आकाशवाणीवर यायची गरज नाही. सगळ्यात जवळचा किनारासुद्धा आपल्यापासून चारशे किलोमीटरहून लांब आहे. तरीही आज मी समुद्रातल्या कोळंबीच्या एका शास्त्रीय नावाबद्दल बोलणार आहे. गेल्या काही वर्षांत आपल्याकडे गावोगाव शेततळी झाली. प्लॅस्टिकचा कागद अंथरायचा, पावसाळ्यात पाणी भरून घ्यायचं आणि रब्बीला, फळबागेला पुरवायचं. पाणी उभं आहे तर त्यात काहीतरी सोडावं, असं शेतकऱ्याला वाटणारच. मग कुणाच्या तरी मोबाइलवर एखादं पत्रक येतं. त्यात पिनीड, बिगर-पिनीड, व्हनामी, स्कॅम्पी असे शब्द एका ओळीत बसवलेले असतात. वाचणारा ‘असेल एखादी जात’ म्हणतो आणि थेट नफ्याच्या आकड्याकडे वळतो. माझं म्हणणं असं की आकड्याकडे नंतर बघा, आधी त्या पहिल्या शब्दापाशी थांबा.

पिनीड ही एक जात नव्हे. ते कुळाचं नाव आहे. शास्त्रीय नावात आधी प्रजातीचं नाव येतं आणि मागून जातीचं, म्हणजे शाळेच्या हजेरीपटावर आडनाव आधी आणि नाव मागे लिहितात तसं. पिनीअस मोनोडॉन म्हणजे बाजारातली टायगर कोळंबी. पिनीअस इंडिकस म्हणजे पांढरी कोळंबी. या पिनीअस प्रजातीवरून सगळ्या कुळाला पिनीइडी म्हणतात आणि त्या कुळातल्या प्रत्येकीला पिनीड. टायगर पिनीड आहे, पांढरी पिनीड आहे, व्हनामीही पिनीडच. पत्रकात ‘पिनीड किंवा व्हनामी’ असं छापलेलं दिसलं, तर लिहिणाऱ्याला विषय माहीत नाही असं खुशाल समजा.

हे नाव पुस्तकात आणलं योहान ख्रिश्चन फॅब्रिशियस या डॅनिश शास्त्रज्ञानं, 1798 साली. गंमत म्हणजे हा गृहस्थ मुळात कीटकांचा अभ्यासक, आणि कोळंबीचं हे वर्णन आलं तेही त्याच्या कीटकांवरच्या ग्रंथाच्या पुरवणीत. खेकडे, कोळंबी आणि टोळ एकाच पोथीत बांधायचे ते दिवस होते. पिनीअस हे नाव कोशकार ग्रीसमधल्या पेनेउस नावाच्या नदीशी जोडतात. पुढे 1815 साली राफिनेस्कनं कुळाचं नाव रूढ केलं. इतिहास इथंच सोडू.

आता ही कोळंबी ओळखायची कशी? रेडिओवर चित्र दाखवता येत नाही, पण तुमच्या हातात कोळंबी असली तर चित्राची गरजही नाही. सोडे मात्र घेऊ नका, त्यांचं डोकं आणि कवच आधीच काढलेलं असतं. येलदरीच्या जलाशयातला किंवा गंगाखेडला गोदावरीत भोयाच्या जाळ्यात आलेला एखादा ताजा, अख्खा झिंगा घ्या. तो आडवा धरा. डोक्याच्या मागचा भाग कड्यांचा बनलेला दिसेल, एकामागे एक सहा कडी आणि मग शेपटी. त्यातलं दुसरं कडं बघा. आपल्या नदीच्या झिंग्यात या दुसऱ्या कड्याची बाजूची पट्टी रुंद असते. ती पुढच्या पहिल्या कड्यावरही चढलेली असते आणि मागच्या तिसऱ्यावरही. मुंबईहून बर्फात आलेली टायगर कोळंबी मिळाली तर तिचंही दुसरं कडं बघा. तिच्यात ते पहिल्या कड्याच्या काठाखाली जातं, त्याच्यावर चढत नाही. दुसरी खूण पायांची. पिनीडच्या चालायच्या पायांपैकी पुढच्या तिन्ही जोड्यांना बारीक चिमटे असतात. आपल्या झिंग्याच्या दोनच जोड्यांना असतात, आणि त्यातली दुसरी जोडी इतकी लांब की मोठ्या नराची नांगी त्याच्या अंगापेक्षा लांब भरते. या दोन खुणा पाहिल्या की आकार, रंग, भाव काही बघायची गरज नाही. लहान पिनीड असते आणि पाव किलोचा गोड्या पाण्याचा झिंगाही असतो, त्यामुळे आकारावरून ओळखायला गेलात तर हमखास फसाल.

या खुणांपेक्षाही महत्त्वाचा फरक अंडी देण्याच्या रीतीत आहे. पावसाळ्यात झिंग्याची मादी उलटी करून बघितलीत तर पोटाखाली, पोहायच्या पायांमध्ये, अंड्यांचा झुबका चिकटलेला दिसतो. ती अंडी फुटेपर्यंत पोटाशी वागवते. जंबो कोळंबी, जिला व्यापारात स्कॅम्पी म्हणतात आणि शास्त्रात मॅक्रोब्रॅकियम रोझेनबर्गी, तिची अंडी सुरुवातीला नारिंगी असतात आणि तीनेक आठवड्यांत राखाडी होऊन फुटतात. पिनीड मादी असं काही करत नाही. ती रात्री खुल्या समुद्रात अंडी पाण्यात सोडून देते, एका वेळी लाखांनी. टायगर कोळंबीची मोठी मादी पाच-सहा लाख अंडी सहज सोडते. पंधरा-सोळा तासांत ती फुटतात आणि त्यातून जे बाहेर पडतं ते कोळंबीसारखं मुळीच दिसत नाही. टोकदार केसांचे पाय हलवणारा तो एक ठिपका असतो. त्याला नॉप्लिअस म्हणतात. मग झोईया, मग मायसिस, आणि मग कुठे कोळंबीचं पिल्लू. जपानच्या मोतोसाकू फुजिनागांनी 1934 साली टाकीत समुद्री कोळंबीची अंडी मिळवून ही साखळी उलगडायला सुरुवात केली. आज जगात जिथं जिथं समुद्री कोळंबीची शेती होते, तिचं मूळ त्या टाकीत आहे.

बीजाच्या पिशवीवर पीएल-10, पीएल-12 असं लिहिलेलं असतं, ते याच हिशोबातलं. मायसिस संपून पिल्लू झाल्यापासून किती दिवस झाले, एवढाच त्याचा अर्थ.

आता मराठवाड्याची एक गोष्ट सांगतो, कारण ती आपल्याकडे फार कुणाला ठाऊक नाही. त्या वेळच्या औरंगाबादला, मराठवाडा विद्यापीठाच्या प्राणिशास्त्र विभागात, आर. नागभूषणम् आणि त्यांच्या विद्यार्थ्यांनी कोळंबीवर वर्षानुवर्षं काम केलं. नदीतल्या मॅक्रोब्रॅकियम किस्टनेन्सिस या झिंग्यावर तर केलंच, पण समुद्री पिनीडवरही केलं. जी. के. कुलकर्णी आणि नागभूषणम् यांचा एक लेख 1980 साली ‘ॲक्वाकल्चर’ या आंतरराष्ट्रीय नियतकालिकात आला. विषय होता पॅरापिनीऑप्सिस हार्डविकी ही पिनीड कोळंबी. तिच्या डोळ्याच्या देठातून एक संप्रेरक स्रवतं, आणि ते अंडाशय पिकू देत नाही. डोळा आणि अंडाशय यांचा संबंध काय, असं कुणालाही वाटेल. पण बंदिस्त टाकीत टायगर कोळंबीची मादी सहसा पिकत नाही. तिच्या एका डोळ्याचा देठ काढला की तो अडसर दूर होतो आणि काही दिवसांत ती अंडी द्यायच्या अवस्थेला येते. बीजकेंद्रांमध्ये ही रीत रोजची झाली आहे. ऐकायला ती क्रूर वाटते आणि तशी आहेही. म्हणूनच तिला पर्याय शोधायचं काम जगभर चालू आहे. पण माझा मुद्दा वेगळा आहे. ज्या विद्यापीठाच्या आवारातून समुद्राची झुळूकही येत नाही, तिथं पिनीड हा शब्द पाठांतरापुरता नव्हता, लोक त्याच्यावर काम करत होते. आज आपल्या शेजारी उदगीरला मत्स्यविज्ञान महाविद्यालय आहे. तिथल्या मुलांनी हे जुने लेख काढून वाचावेत, अशी माझी इच्छा आहे.

बाजाराकडे वळू. आपल्या आठवडी बाजारात वाळलेले बोंबील विकणाऱ्या बाईपुढे सुकटीचा ढीग असतो. ती सुकट म्हणजे बहुतेक जवळा, शास्त्रात ॲसिटीस इंडिकस. रायगड, ठाणे, पालघरच्या कोळ्यांच्या डोल जाळ्यात तो टनांनी येतो. सरकारी आकडेवारीत समुद्री कोळंबीचे दोन रकाने असतात, पिनीड आणि बिगर-पिनीड. जवळा जातो बिगर-पिनीडमध्ये, आणि त्याच्याबरोबर करंदीही. आता इथं एक मेख आहे. करंदी खरोखर वेगळ्या शाखेतली आहे, ती आपल्या झिंग्यासारखी पोटाशी अंडी वागवते. जवळा मात्र तसं करत नाही. तो पिनीडसारखीच अंडी पाण्यात सोडतो. शास्त्राच्या हिशोबानं तो पिनीडचा जवळचा भाऊबंद आहे, फक्त कुळ निराळं. रकाना पाडणाऱ्यांनी पाडला तो कामाच्या सोयीसाठी: मोठी, निर्यातीची, महाग ती एकीकडे आणि बारीक, वाळवायची ती दुसरीकडे. हे चुकीचं आहे असं मी म्हणत नाही. पण स्पर्धा परीक्षेची तयारी करणाऱ्या मुलांनी ‘बिगर-पिनीड म्हणजे पोटाशी अंडी वागवणारी’ अशी व्याख्या वहीत लिहून ठेवू नये. जवळ्यापाशी ती फसते.

त्याच मुलांसाठी आणखी एक. व्हनामीचं नाव कुठे पिनीअस व्हनामी असं सापडतं, तर कुठे लिटोपिनीअस व्हनामी. दोन्ही एकच. 1997 साली पेरेझ फारफांते आणि केन्सली या अभ्यासकांनी जुन्या पिनीअस प्रजातीचे तुकडे केले, लिटोपिनीअस, फेनेरोपिनीअस, मार्सुपिनीअस वगैरे. पुढे जनुकांचे पुरावे आले, वाद झाला, आणि बऱ्याच जणांनी पुन्हा जुनं पिनीअस हेच नाव धरलं. औरंगाबादच्या अभ्यासातल्या त्या हार्डविकी कोळंबीची प्रजातीही आता मिअर्सपिनीऑप्सिस झाली आहे. कुळाचं नाव मात्र या सगळ्या उलथापालथीत हललं नाही. म्हणून पिनीड हाच शब्द धरून चाला, असं मी विद्यार्थ्यांना सांगतो.

आणि आता शेततळं. व्हनामी ही मूळची लॅटिन अमेरिकेच्या पॅसिफिक किनाऱ्याची. भारतात 2009 साली तिच्या शेतीला परवानगी मिळाली. परदेशातून आणलेल्या प्रजनक कोळंबी चेन्नईच्या नीलंकरई इथल्या विलगीकरण केंद्रातून तपासून पुढे बीजकेंद्रांकडे जातात. ही कोळंबी कमी खारट पाण्यातही तग धरते, आणि तिथूनच घोटाळा सुरू होतो. हरियाणात, रोहतकच्या बाजूला, समुद्रापासून इतक्या लांब व्हनामी होते, मग परभणीत का नको, असं विचारलं जातं. तर हरियाणात जमिनीखालचं पाणीच खारं आहे. ज्या रानात गहू येत नाही, तिथं ती कोळंबी येते. आपल्याकडे तसं नाही. आपलं शेततळं भरतं पावसाच्या नाहीतर कालव्याच्या गोड्या पाण्यानं. कुणी सुचवतं, मिठाच्या गोण्या टाका. नुसत्या मिठानं समुद्र होत नाही. कोळंबीला पोटॅशियम लागतं, मॅग्नेशियम लागतं, कॅल्शियम लागतं. वाढताना ती वारंवार कात टाकते आणि नवं कवच कडक व्हायला लागणारे क्षार मुख्यतः पाण्यातून घेते. ते सगळं विकत आणून पाण्यात घातलं, असं धरून चालू. मग हंगाम संपल्यावर ते पाणी कुठे सोडणार? मोसंबीला? हरभऱ्याला? आपली काळी जमीन आधीच पाण्याचा निचरा धीम्यानं करते. तिच्यात क्षार गेले तर ते सहजासहजी निघत नाहीत. शेतकऱ्यानं शेततळं खणलं ते पिकाला पाणी द्यायला, हे विसरून चालणार नाही.

कोळंबीच करायची असेल तर जंबो करा. ती पिनीड नाही, आणि आपल्यासाठी तोच तिचा गुण आहे. तिच्या पिलांना सुरुवातीचे चारेक आठवडे मचूळ पाणी लागतं, पण ती कटकट बीजकेंद्रवाल्याची. एकदा पिल्लू तयार झालं की पुढची सगळी वाढ गोड्या पाण्यात होते, आणि तळ्यातलं पाणी पिकाला देता येतं. एक खबरदारी घ्या. ही जात एकमेकांना खाते, विशेषतः कात टाकल्यावर अंग मऊ असताना. तळ्यात लपायला जागा करून द्या. नारळाच्या झावळ्या, जुने पाइप, काहीही चालतं. नुसत्या गुळगुळीत प्लॅस्टिकवर सोडलीत तर सोडलेल्या हजारातली किती हाती लागतील, याचा भरवसा नाही.

तेव्हा शेतकरी बंधू-भगिनींना एकच विनंती. बीज विकायला कुणी दारात आलं तर ‘कोळंबी’ एवढ्या शब्दावर पैसे देऊ नका. पावतीवर शास्त्रीय नाव लिहून मागा. नावात पिनीअस किंवा लिटोपिनीअस असेल तर ती खाऱ्या पाण्याची, घेऊ नका. मॅक्रोब्रॅकियम रोझेनबर्गी लिहिलं असेल तरच पुढचं बोलणं करा. विक्रेता नाव लिहायला कचरला, तर परभणीच्या सहायक आयुक्त मत्स्यव्यवसाय कार्यालयात जाऊन विचारा, आणि तोवर व्यवहार थांबवा.