नसलेल्या देशाचा मोजणीदार



मोजणीदार शेतावर येतो, जमीन मोजतो, बांधाचे दगड पाहतो आणि मग कागदावर रेघ ओढतो. रेघ चुकली तर शेतकरी त्याला बांधावर नेऊन चूक दाखवू शकतो. परंतु जी भूमी पृथ्वीच्या पाठीवर कोठेच नाही, तिचा नकाशा चुकला हे कोणी आणि कशावरून ठरवावे? आज आम्ही अशाच एका नकाशाविषयी आणि त्याच्या कर्त्याविषयी बोलणार आहोत.

ऑक्सफर्डचे प्राध्यापक जे. आर. आर. टोल्किन यांची 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज' ही कादंबरी १९५४-५५ मध्ये तीन खंडांत प्रसिद्ध झाली. ती ज्या 'मिडल-अर्थ' नामक भूमीवर घडते, ती सर्वस्वी कल्पित आहे. आपल्या लहानपणच्या गोष्टींतला राजपुत्र घोड्याला टाच मारतो आणि पुढच्याच वाक्यात सात समुद्रांपलीकडे पोचतो. टोल्किन यांनी ही सवलत घेतली नाही. नकाशा आधी आणि गोष्ट त्याच्या बेताने, असा त्यांचा क्रम होता. दोन सेंटिमीटरची एक चौकट म्हणजे शंभर मैल, हे त्यांच्या कच्च्या नकाशाचे प्रमाण. पायी चाललेली माणसे किती दिवसांत कोठवर पोचतील, त्या रात्री चंद्राची कला कोणती असेल, याचाही ते हिशेब ठेवीत. गोष्ट वाढली की जुन्या कागदावर नवा कागद चिकटवला जाई.

हा कागद इतरांना वाचता येईल असा केला तो त्यांचा मुलगा ख्रिस्तोफर याने. त्याचा जन्म १९२४ चा. लहानपणी वडील 'हॉबिट'ची गोष्ट सांगत असता त्याने मध्येच अडवले: मागच्या खेपेस बिल्बोचे दार निळे होते, आज ते हिरवे कसे झाले? वडील वैतागले खरे, पण उठले आणि टेबलाशी जाऊन त्यांनी टिपून ठेवले. आमच्या मते नकाशाकार जन्मला तो त्या क्षणी.

१९४३ मध्ये ख्रिस्तोफर यांनी शिसपेन्सिल आणि रंगीत खडूंनी एक मोठा नकाशा काढला. पुढच्या वर्षी ते विमानदलाच्या शिक्षणासाठी दक्षिण आफ्रिकेत होते. तेथे वडील लिहून होतील तशी प्रकरणे टपालाने पाठवीत. १९५५ साली तिसरा खंड छपाईला जाण्याच्या घाईत वडिलांनी जवळजवळ अन्न आणि झोप सोडून तीन दिवस अंतरे जुळवली. मग मुलाने पहाटे सहापासून दुसऱ्या पहाटे सहापर्यंत बसून तो नकाशा पुन्हा रेखाटला.

वडील १९७३ मध्ये वारले. पुढे १९८० साली ख्रिस्तोफर यांनी मुख्य नकाशा दीडपट मोठ्या प्रमाणावर नव्याने काढला आणि आपल्या जुन्या नकाशातील उणिवा मोकळेपणाने छापून टाकल्या. पाव शतक वाचकांनी तो नकाशा डोळे मिटून मानला होता. ते गप्प राहिले असते तरी कोणी त्यांना बांधावर नेणार नव्हते.

आमचे सांगणे एवढ्यासाठीच आहे. कल्पनेला बांध नसतो असे आपण सहज म्हणतो. पण दोन लहानसे जीव पायी चालत निघतात, आणि त्यांच्या थकव्यावर आपला विश्वास बसतो, तो त्यांच्या वाटेचे मैल खरे मोजलेले असतात म्हणून. नसलेल्या देशातही एक बांध असतोच: आपण आधी दिलेला शब्द. दार निळे म्हटले की ते निळेच राहिले पाहिजे. २०२० मध्ये, वयाच्या पंचाण्णवाव्या वर्षी, ख्रिस्तोफर टोल्किन वारले. तोवर त्यांनी तो बांध सांभाळला. जेथे चूक धरणारा कोणी नाही, तेथे आपण किती चोख राहतो, हे ज्याने त्याने आपल्या कामात तपासून पाहावे.