शनिवारवाड्याची हाक



ज्युबिली म्हणजे मागील काळाकडे कान लावण्याचा दिवस. म्हणून आज आम्हीं आवाज हाच विषय निवडला आहे. एकदां उमटून गेलेला आवाज पुनः ऐकतां येईल काय, असा प्रश्न आहे. आणि तो विचारण्यास पुणें हें योग्य शहर आहे.

शनिवार पेठेंतील शनिवारवाडा आपण सर्वांनीं पाहिला आहे. ३० ऑगस्ट १७७३ रोजीं त्या वाड्यांत गारद्यांनीं नारायणराव पेशव्यांचा वध केला. अठरा वर्षांचा तो तरुण, काकांनीं आपणांस वाचवावें म्हणून आक्रोश करीत राघोबादादांकडे धांवला, असें परंपरा सांगते. पुढें १८२८ च्या आगींत आंतील इमारती जळाल्या. तट आणि दरवाजे राहिले. तरी ती हाक अजून रात्रीं ऐकूं येते, कोणी म्हणतात अमावास्येस, कोणी म्हणतात पौर्णिमेस, अशी समजूत लोकांत आहे.

आतां कल्पना करा कीं, गत काळचा आवाज आजच्या कानांत आणून सोडणारें एखादें यंत्र आम्हांस मिळालें, व तें आम्हीं त्या तटापाशीं नेऊन ठेवलें. मग दादांच्या आज्ञेंत "धरावें" होतें कीं "मारावें", आणि "ध" चा "मा" कोणीं केला, हा जुना वाद एका घटकेंत मिटेल!

असें यंत्र आपल्यापाशीं असल्याचें एका धर्मगुरूनेंच सांगितलें होतें. व्हेनिस येथील बेनेडिक्टाइन संन्यासी फादर पेल्लेग्रिनो एर्नेत्ती हे प्राचीन संगीताचे अभ्यासक होते. १९७२ सालीं एका इटालियन साप्ताहिकांत त्यांचें म्हणणें छापून आलें कीं, त्यांच्या "क्रोनोव्हायझर" यंत्रानें गत काळचीं दृश्यें व आवाज पकडतां येतात. रोमन कवि एन्निउस याचें लुप्त झालेलें नाटक आपण ऐकलें, असेंहि ते म्हणत. त्यासोबत क्रूसावरील प्रभूचें मुख म्हणून एक चित्र प्रसिद्ध झालें. पण इटलींतीलच कोल्लेव्हालेन्सा येथील एका कोरीव मूर्तीच्या छायाचित्राशीं तें जुळलें. यंत्र कोणाच्या दृष्टीस पडलें नाहीं, आणि १९९४ सालीं फादर एर्नेत्ती निवर्तले.

याचें कारण कठीण नाहीं. आवाज म्हणजे हवेचें कंपन. तें भिंतींवर, वस्त्रांवर, आमच्या अंगावर आदळतें, क्षीण होतें, आणि शेवटीं अल्पशी उष्णता होऊन विरून जातें. विरलेली उष्णता गोळा करून तिचा पुनः शब्द करणें कोणासहि साधलेलें नाहीं. काळाच्या पलीकडे आवाज जातो तो एकाच रीतीनें: तो चालू असतां कोणी तरी तो जतन केला पाहिजे.

गवयांचें उदाहरण घ्या. १८७७ सालीं एडिसननें फोनोग्राफ केला; १९०२ सालीं कलकत्त्यास गौहर जानचें गाणें तबकडीवर घेतलें गेलें. खांसाहेब अब्दुल करीम खां १९३७ सालीं वारले, पण त्यांचा गळा आजहि घरोघर ऐकूं येतो. ज्यांनीं १९११ सालीं पुण्यांत भारत गायन समाज स्थापिला, ते भास्करबुवा बखले १९२२ सालीं गेले, आणि त्यांच्या गायनाची एकहि तबकडी उपलब्ध नाहीं. त्यांचें जें उरलें, तें मास्तर कृष्णराव, बालगंधर्व अशा शिष्यांच्या गळ्यांत उरलें. कारण शिष्यांनीं तें त्यांच्यासमोर बसून ऐकलें होतें.

तबकडीहून जुनें साधन म्हणजे घंटा. वाईजवळ मेणवली येथें नाना फडणविसांच्या घाटावर एक मोठी घंटा टांगलेली आहे. तिच्यावर १७०७ हें साल असून बाळ येशूस घेतलेल्या पवित्र मरियेची आकृति आहे. १७३९ सालीं चिमाजीअप्पांनीं वसई जिंकल्यावर ती इकडे आली, असें सांगतात. घंटेचा स्वर तिच्या आकारांत, जाडींत व धातूंत सांठविलेला असतो; ती फुटली नाहीं तोंवर तो बदलत नाहीं. तीन शतकांपूर्वीं ओतकाऱ्यानें ठेवलेला स्वर देवळाच्या लोकांनीं राखला, याबद्दल आम्हीं त्यांचे ऋणी असावें.

आतां पुनः शनिवारवाड्याकडे वळूं. नारायणरावांची हाक ऐकण्यास यंत्राची गरज होती काय? ती त्याच वेळीं ऐकिली गेली होती. ज्यास उद्देशून होती, तो काका जवळच होता. कमी होता तो उठून मध्यें पडणारा मनुष्य. रामशास्त्र्यांपाशीं तरी कोणतें यंत्र होतें? त्यांनीं जिवंत माणसांस विचारून शोध केला, आणि राघोबादादांस दोषी ठरविलें. आणि ज्यांचा पिता असा मारला गेला, त्या सवाई माधवरावांनीं पुढें ख्रिस्ती लोकांस जागा दिली. तीवर १७९२ सालीं पुणें शहरांतील पवित्र मरियेचें देऊळ उभें राहिलें. ही गोष्ट आम्हांस ठाऊक आहे ती कोणी तरी ती लिहून व सांगून ठेविली म्हणून.

तेव्हां, बंधुभगिनींनो, आमचें मागणें लहान आहे. या धर्मग्रामांतील जीं वृद्ध मंडळी पहिल्या दिवसांतील गीतें, प्रार्थना व हालअपेष्टा जाणतात, तीं दरवर्षीं थोडीं होत आहेत. आज आवाज सांठविण्याचें साधन प्रत्येकाच्या खिशांतील मोबाईलमध्यें आहे. या ज्युबिलीच्या वर्षांत प्रत्येक कुटुंबानें आपल्या आजीआजोबांपाशीं एक संध्याकाळ बसावें, त्यांचें बोलणें उतरून घ्यावें, आणि त्यांत एखादें दुःख किंवा गरज ऐकूं आली तर ती त्याच दिवशीं मनावर घ्यावी. उद्यां त्यांच्या आवाजासाठीं आम्ही झुरूं, आणि आज ते बोलत असतां आम्हांस सवड नसावी, हें बरें नव्हे.

परमेश्वर आपणां सर्वांस ऐकणारे कान देवो, अशी प्रार्थना करून आम्ही आपली रजा घेतों.