त्या कसोटीतला दुसरा नवखा



आपल्या वर्गातले दोघे आज आले नाहीत. फोनवर म्हणाले, “आम्ही येऊन काय सांगणार?” तेव्हा मला उत्तर सुचलं नाही. आता सांगते.

१५ नोव्हेंबर १९८९, कराची कसोटी. भारताकडून पहिल्यांदा कोण खेळलं? सगळे ‘सचिन’ म्हणाल. दुसरा नवखा होता सोलापुरात जन्मलेला वेगवान गोलंदाज सलील अंकोला. कसोटी त्याला तेवढी एकच मिळाली. पुढे २० एकदिवसीय सामने. मग नडगीच्या हाडात गाठ निघाली आणि २८व्या वर्षी खेळ संपला.

पालखीहून आल्यावर आई ‘कोरा कागज’ बघायची. त्यातला हा उंच नट क्रिकेट खेळायचा, हे तिला काही केल्या पटेना! २००६ला तो पहिल्या ‘बिग बॉस’मध्येही गेला. दारूनं त्याचं फार नुकसान केलं. ते त्यानं स्वतःच जाहीरपणे सांगितलं. मला त्याचं हेच जास्त आवडतं.

२०२०मध्ये तो मुंबईच्या निवड समितीचा अध्यक्ष झाला, २०२३मध्ये भारताचा निवडकर्ता.

त्या दोघांच्या स्मरणिका माझ्याकडे द्या. मी स्वतः नेऊन देते.